सावेदादांच्या चित्रफितींचें साधनमूल्य

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांचें नांव आद्य चित्रपटकारांत घेतलें जातें; परंतु त्यांच्या फितींची ऐतिहासिक साधन म्हणून परीक्षा क्वचितच होते. इ. स. १८९६ त मुंबईस वॉटसन हॉटेलांत ल्यूमिएर बंधूंचा खेळ झाला. तो पाहून या छायाचित्रकारानें विलायतेहून कॅमेरा मागविला व १८९९ त हँगिंग गार्डनमध्यें कुस्तीचें चित्रण केलें. ती कुस्ती चित्रणासाठींच योजिलेली होती. सबब तिची योग्यता आमच्या मतें बखरीइतकीच. उलट, १९०१ च्या डिसेंबरांत रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, त्या स्वागताची फीत अस्सल पत्राच्या तोडीची होय. कारण प्रसंग घडला तसाच ती टिपते. योजक व चित्रण करणारा एकच असल्यानें मधल्या नक्कलकाराचा दोषही संभवत नाहीं. तथापि फीत कागदाहून अल्पायुषी. या दोन्ही फिती आज उपलब्ध नाहींत. म्हणून संग्राहकांनीं जुनीं दप्तरें चाळतांना खेळांच्या जाहिराती, पावत्या व फितींचे डबे टाकाऊ मानूं नयेत. पडद्यामागील कर्त्याचें चरित्र त्यांवरूनच सिद्ध व्हावयाचें आहे.