हिममानव आणि निर्भय बालिका

‘पुराना मंदिर’ (१९८४) मधून प्रेक्षकांना भेडसावणाऱ्या श्याम व तुलसी रामसे बंधूंनी ‘अजूबा कुदरत का’ (१९९१) या चित्रपटात हिमालयातला हिममानव आणला. खर्च बेताचा, त्यामुळे केसाळ पोशाखातला नट लपत नाही. परंतु एक चिमुरडी त्या अक्राळविक्राळ जीवाशी मैत्री जोडते आणि पोशाखाचा विसर पडतो. आपल्या मालवणी मुलखात बर्फ नाही. मात्र वाट चुकलेल्यास घरी पोचविणारा देवचार गोष्टींतून आपल्या परिचयाचा आहे. म्हणूनच हा हिममानव आम्हांला परका वाटला नाही. बाह्यरूपावरून आपण ज्याला राक्षस ठरवितो, त्याचे अंतरंग निरागस मूल आधी ओळखते. भयपटांपासून मुलांना जपणे हे पालकांचे कर्तव्यच. तथापि सर्व राक्षसपट एकाच तागडीत तोलू नयेत, असे आम्हांस वाटते.