दोन माता, एक घर

ब्रिटिश अंमल संपत आला असता, २९ नोव्हेंबर १९४७ रोजी संयुक्त राष्ट्रसंघाने पॅलेस्टाईनची अरब व ज्यू राज्यांत फाळणी करण्याचा ठराव ३३ विरुद्ध १३ मतांनी संमत केला. भारताचे मत विरोधात पडले. त्या दुभंगाची मानवी किंमत घस्सान कनफानी यांच्या ‘हैफाला परतताना’ (१९६९) या लघुकादंबरीत दिसते. १९४८ च्या पळापळीत सईद व सफिया यांचे तान्हे बाळ हैफातील घरीच राहते. १९६७ मध्ये ती दोघे परततात, तेव्हा आउश्वित्झमध्ये पिता गमावलेल्या मिरियमने त्याला ‘डोव्ह’ म्हणून वाढविलेले असते. तो इस्रायली सैनिक झालेला असतो.

शलमोन राजाच्या न्यायात मूल वाचते, कारण खरी माता हक्क सोडते. वाचकहो, येथे खोटी माता कोणीच नाही, हेच या कथेचे सामर्थ्य. ट्रकमध्ये फेकलेले मृत अरब बालक पाहून हादरलेली मिरियम लेखकाने समभावाने रंगविली आहे. उत्तरार्धात मात्र संवादांना वादसभेचे रूप येते. डोव्ह माणूस न राहता युक्तिवाद बनतो. अखेरीस धाकटा मुलगा लढ्यात गेला असावा, अशी आशा सईद धरतो. ती आशा मला स्वीकारता येत नाही. परंतु तिच्यामागचे दुःख नाकारताही येत नाही.