क्रांतिपक्षाची भाषा आणि वांकिडीचा माणूस

आसिफाबादहून राजुऱ्याकडे निघालेल्या रस्त्यावर, महाराष्ट्राच्या हद्दीअलीकडे, वांकिडी लागते. निजामी राजवटीत हा सारा मुलूख एका आदिलाबाद जिल्ह्यात मोडत असे. 1956 च्या भाषावार पुनर्रचनेत त्याच जिल्ह्यातील राजुरा व किनवट हे तालुके मुंबई राज्यात गेले आणि वांकिडी आंध्र प्रदेशात राहिली. 2014 मध्ये ती तेलंगणात आली, आणि 2016 मध्ये जिल्ह्यांची नवी आखणी झाली तेव्हा तिचा समावेश कुमराम भीम या गोंड वीराच्या नावाने निघालेल्या जिल्ह्यात झाला. राज्ये बदलली, जिल्हे बदलले. परंतु या भागातील मराठी, तेलुगू, गोंडी आणि कोलामी यांचा शेजार मोडला नाही.

भारतातील जहाल साम्यवादी पक्षाच्या उदयाचा व फाटाफुटीचा इतिहास बहुधा कलकत्त्याहून वा हैदराबादेहून सांगितला जातो. आम्ही तो या वेशीवरून पाहू इच्छितो, आणि तोही वाङ्मयाचे अभ्यासक या नात्याने. हे क्षेत्र आमचे नाही असा आक्षेप कोणी घेईल. त्याला आमचे उत्तर असे की, हा पक्ष बंदुकीइतकाच कागदावरही जगला. त्याचा जन्म लेखांतून झाला, त्याची प्रत्येक फूट एखाद्या मसुद्याने जाहीर केली, आणि त्याच्या हयातीत माणसांच्या जिवाचे निकाल एकेका शब्दाने लागले. जे शब्दांनी घडते ते समीक्षेच्या कक्षेबाहेर कसे राहील? म्हणून आम्ही एक साधा व्याकरणाचा प्रश्न विचारतो. ज्याच्या नावाने हे सारे चालले, तो वांकिडीच्या रानातला माणूस या वाङ्मयात कर्ता म्हणून येतो की कर्म म्हणून?

प्रथम इतिहासाची रूपरेषा देणे आवश्यक आहे. 1965 ते 1967 या काळात चारू मजुमदार यांनी आठ लेख लिहिले. मे 1967 मध्ये दार्जिलिंग जिल्ह्यातील नक्षलबारी येथे शेतकऱ्यांचा उठाव झाला. त्याच वर्षाच्या अखेरीस निरनिराळ्या प्रांतांतील बंडखोर साम्यवाद्यांची समन्वय समिती स्थापन झाली. 22 एप्रिल 1969 रोजी, लेनिनच्या जन्मदिनी, भारतीय कम्युनिस्ट पक्ष (मार्क्सवादी-लेनिनवादी) जन्मास आला आणि 1 मे रोजी कानू सन्याल यांनी कलकत्त्याच्या मैदानात त्याची घोषणा केली. परंतु फूट या जन्माच्याही आधीची आहे. आंध्रातील तरिमेल नागी रेड्डी व त्यांचे सहकारी यांना फेब्रुवारी 1969 मध्येच समन्वय समितीबाहेर काढण्यात आले होते. जमिनीच्या प्रश्नावर लोकसंघटना उभारावी आणि शस्त्र त्या संघटनेच्या मागोमाग यावे, हा त्यांचा पक्ष. वर्गशत्रूच्या हत्येतूनच जागृती होईल, हा मजुमदारांचा. पुढे 1971 मध्ये सत्यनारायण सिंह यांचा गट वेगळा झाला. 28 जुलै 1972 रोजी मजुमदार पोलिसांच्या ताब्यात असताना मरण पावले, आणि त्यानंतर तर मजुमदारांचे समर्थक कोण व विरोधक कोण यावरून तुकड्यांचे तुकडे झाले. 1971 मध्ये लिन पियाव हा चिनी सेनापती विमान अपघातात मेला. त्याला वीर मानावे की द्रोही, यावरूनही बंगालमधील कार्यकर्ते दुभंगले. ज्या शेतकऱ्याच्या झोपडीत त्यांना आसरा मिळे, त्याने ते नावही ऐकले नसावे. एकाच मुळापासून निघालेली एक शाखा कालांतराने निवडणुका लढवू लागली आणि दुसरी दंडकारण्यात शिरली.

आदिलाबादेत ही दुसरी शाखा आली. कोंडापल्ली सीतारामय्या यांनी 22 एप्रिल 1980 रोजी 'पीपल्स वॉर' हा पक्ष स्थापन केला. तारीख पुन्हा तीच! त्याच वर्षी त्याची पथके गोदावरी ओलांडू लागली. बेल्लमपल्लीच्या कोळसाखाणींच्या परिसरातून आलेला पेद्दी शंकर नोव्हेंबर 1980 मध्ये सिरोंचा तालुक्यात पोलिसांच्या गोळीने मारला गेला. महाराष्ट्राच्या बाजूचा हा पक्षाचा पहिला बळी मानला जातो. पुढच्याच वर्षी, 20 एप्रिल 1981 रोजी, इंद्रवेल्ली येथे जमिनीच्या मागण्यांसाठी जमलेल्या गोंडांवर पोलिसांनी गोळीबार केला. सरकारी आकडा 13 मृतांचा आहे. आदिवासी संघटना त्याहून कितीतरी मोठा आकडा सांगत आल्या आहेत. तेथे उभारलेला स्तंभ 1986 मध्ये उद्ध्वस्त करण्यात आला आणि मग सरकारनेच तो पुन्हा बांधला. मृतांची संख्याही ज्या घटनेत एकमताने ठरत नाही, तिचे वाङ्मय कोणत्या भाषेत लिहिले जावे, हा प्रश्न तेव्हापासून आपल्यापुढे आहे.

गोंड या पक्षाकडे का वळला, याचे उत्तर मजुमदारांच्या लेखांत सापडणार नाही. ते जमिनीत आहे. 1940 मध्ये जोडेघाट येथे कुमराम भीम निजामी पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडला, तो जंगल व जमीन यांवरील हक्कासाठी. त्या उठावानंतर हैदराबाद संस्थानाने मानववंशशास्त्रज्ञ फ्युरर-हायमेनडॉर्फ यांना येथे पाठविले. त्यांच्या पुढाकाराने मारलवाई येथे गोंड शिक्षकांचे प्रशिक्षण सुरू झाले, आणि गोंडी मुलांची पहिली वाचनपुस्तके देवनागरी लिपीत निघाली. आपले इतिहासकार सेतुमाधवराव पगडी हे याच जिल्ह्यात अधिकारी होते. त्यांनी गोंडी आत्मसात केली आणि आदिलाबादच्या गोंडांवर इंग्रजीत ग्रंथ लिहिला. आदिवासींची जमीन परक्याच्या हाती जाऊ नये म्हणून कायदे झाले; 1970 च्या पहिल्या विनियमाने तर अनुसूचित क्षेत्रातील असे हस्तांतर पूर्णपणे निषिद्ध ठरविले. तरीही जमीन जात राहिली.

येथे मराठी वाचकाने स्वतःकडेही पाहावयास हवे. जमीन घेणाऱ्यांत तेलुगू सावकार होते, तसे महाराष्ट्रातून आलेले शेतकरी व व्यापारीही होते. वांकिडीच्या परिसरातील आपली मराठी वस्ती काही अंशी याच स्थलांतराची आहे. तेव्हा गोंडाच्या दुःखाविषयी लिहिताना आपण तटस्थ साक्षीदाराचा आव आणू शकत नाही. आम्हांस वाटते, मराठी वाङ्मयाने या विषयाला बगल दिली याचे एक कारण हा संकोच असावा.

आता पक्षाच्या वाङ्मयाकडे वळू. त्याचे ठराव व पत्रके वाचताना प्रथम जाणवते ती त्यांची एकसुरी शैली. 'जनता' उठते, 'जनता' लढते, 'जनता' सूड घेते. परंतु या जनतेतील एकही माणूस वाक्यात येऊन आपल्या तोंडाने बोलत नाही. व्याकरणदृष्ट्या जनता कर्ता आहे. अर्थदृष्ट्या ती कर्म आहे, कारण ती काय करणार हे आधीच ठरलेले आहे. विरोधकांविषयीची विशेषणेही ठरीव. काल जो सहकारी होता तो आज 'सुधारणावादी' होतो, उद्या 'विसर्जनवादी' आणि परवा 'गद्दार'. मतभेद मांडण्यास मधले शब्दच उरले नाहीत म्हणजे फूट हा एकच मार्ग उरतो. खुद्द सीतारामय्यांना आपण उभारलेल्या पक्षाबाहेर जावे लागले, ते 1990 नंतरच्या दोन-तीन वर्षांत. फाटाफुटीची कारणे पोलिसी दडपशाहीत, चिनी राजकारणात व नेत्यांच्या अहंकारात आहेत हे आम्हांस मान्य आहे. या भाषेच्या दारिद्र्याचीही त्यांत भर घालावी, एवढेच आमचे म्हणणे.

हे दारिद्र्य केवळ शैलीचा दोष असते तर आम्ही त्यावर इतकी शाई खर्चिली नसती. परंतु 'खबऱ्या' हा शब्द पाहा. या एका शब्दाखाली दंडकारण्यातील कितीतरी आदिवासींचा पक्षाने वध केला. पलीकडे पोलिसांच्या दप्तरात 'चकमक' हा शब्द होता, आणि त्याखालीही तशीच माणसे नाहीशी झाली. दोन्ही शब्द पुरावा मागत नाहीत; दोन्ही शब्द उच्चारले की वाक्य संपते. असे संपलेले वाक्य पुन्हा उघडावयाचे, हे साहित्याचे काम आहे.

ते कोणी केले? तेलुगूचे ऋण मान्य केले पाहिजे. श्रीकाकुळमच्या गिरिजन उठावात सुब्बाराव पाणिग्रही हा कवी 'जमुकुल कथा' हा लोकप्रकार घेऊन गावोगाव गेला आणि 1969 च्या अखेरीस मारला गेला. 4 जुलै 1970 रोजी श्री श्री यांच्या अध्यक्षतेखाली विप्लव रचयितल संघम् स्थापन झाला. पुढे साहू व अल्लम राजय्या यांनी कुमराम भीमवर कादंबरी लिहिली. या परंपरेत जोम आहे, लोकगीताची चाल आहे, आणि कोळशाच्या खाणीपासून कापसाच्या शेतापर्यंत हिंडलेला अनुभव आहे. परंतु जेथे लेखक पक्षाचा वाद आपल्या मनात न मांडता त्याचा निकाल तेवढा स्वीकारतो, तेथे त्याची पात्रेही ठरावासारखी बोलू लागतात, हा दोषही आम्ही झाकून ठेवीत नाही.

मराठीची स्थिती वेगळी आहे. गोदावरी परुळेकर यांच्या 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकास 1972 मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. ते एका साम्यवादी कार्यकर्तीचे आहे. परंतु त्यात वारली माणूस घाबरतो, शंका घेतो, चुकतो, आणि मग स्वतः उभा राहतो. तो खऱ्या अर्थाने कर्ता आहे. वांकिडीच्या जवळचा प्रदेश घ्यावयाचा तर विलास मनोहर यांची 'एका नक्षलवाद्याचा जन्म' ही कादंबरी आहे. लेखक हेमलकशाच्या लोकबिरादरी प्रकल्पातील कार्यकर्ते; माडिया तरुण पथकाच्या वाटेला कसा लागतो, हे त्यांनी पक्षाच्या चष्म्यातून वा पोलिसांच्या चष्म्यातून न पाहता गावाच्या नित्य जीवनातून दाखविले. बाहेरच्याने लिहिलेले पुस्तक म्हणून तिला मर्यादा आहे, आणि ती मर्यादा आमच्या सर्वच लेखनाची आहे.

याच संदर्भात अलीकडील एका प्रकरणाचा उल्लेख टाळता येत नाही. कोबाड गांधी यांच्या तुरुंगातील आठवणींचे इंग्रजी पुस्तक 2021 मध्ये आले. त्यात त्यांनी स्वातंत्र्य, साधेपणा, सुख अशा मूल्यांचा प्रश्न साम्यवादी चळवळीलाच विचारला. त्याच वर्षी माओवादी पक्षाने त्यांना बडतर्फ केले. अनघा लेले यांनी केलेल्या त्याच्या मराठी अनुवादास महाराष्ट्र शासनाने डिसेंबर 2022 मध्ये पुरस्कार जाहीर केला, आणि काही दिवसांतच तो रद्द करून निवड समितीही बरखास्त केली. निषेध म्हणून प्रज्ञा दया पवार व नीरजा यांनी साहित्य संस्कृती मंडळाचे सदस्यत्व सोडले. आनंद करंदीकर व शरद बाविस्कर यांनी आपले पुरस्कार नाकारले. पक्षाला जे पुस्तक द्रोही वाटले तेच शासनाला धोकादायक वाटले. दोघांनीही पुस्तकाच्या गुणदोषांची चर्चा केली नाही. पुस्तक थोर आहे असे आम्ही म्हणत नाही. त्यात आत्मपरीक्षण आहे तसे आत्मसमर्थनही आहे. परंतु हे सांगण्याचा अधिकार वाचकाचा व समीक्षकाचा आहे. 1972 मध्ये एका साम्यवादी लेखिकेचा गौरव करून मराठी साहित्याचे काही बिघडले नाही. पन्नास वर्षांनंतर आपण अधिक भित्रे झालो असू, तर त्याची नोंद वाङ्मयेतिहासात व्हावयास हवी.

पक्षाची कथा आता उताराला लागली आहे. 2004 मध्ये पीपल्स वॉर व माओवादी कम्युनिस्ट सेंटर यांच्या विलीनीकरणाने जे ऐक्य झाले, ते दोन दशके टिकले. मे 2025 मध्ये सरचिटणीस नंबाला केशव राव सुरक्षा दलांच्या कारवाईत मारले गेले. सप्टेंबरात मल्लोजुला वेणुगोपाल यांच्या बाजूने शस्त्रे ठेवण्याचे पत्रक निघाले, ते पक्षाचे मत नाही असे दुसऱ्या बाजूने कळविले, आणि ऑक्टोबरात वेणुगोपाल 60 सहकाऱ्यांसह गडचिरोलीत शरण आले. शेवटची फूटही कागदावरच जाहीर झाली.

शस्त्रे उद्या सर्वत्र खाली ठेवली जातील असे मानले, तरी वांकिडीच्या माणसाचा जमिनीचा प्रश्न तेवढ्याने सुटत नाही आणि त्याची कथाही सांगून होत नाही. इंद्रवेल्लीच्या दिवशी जे तरुण होते ते आज वृद्ध आहेत. त्यांच्या आठवणी गोंडीत आहेत. त्यांत पोलिसांचा जाच असेल, पथकाचा धाक असेल, आणि आपल्या मराठी शेजाऱ्याविषयी कडू शब्दही असतील. आमची सूचना अशी की, मराठीच्या साहित्यसंस्थांनी तेलुगू संस्थांच्या सहकार्याने या आठवणी गोंडीतच टिपाव्यात, देवनागरीत छापाव्यात आणि शेजारी मराठी व तेलुगू अनुवाद द्यावा. निवेदकाचे नाव त्याच्या संमतीनेच जाहीर करावे. मारलवाईच्या वाचनपुस्तकांनी लिपीची सोय सुमारे ऐंशी वर्षांपूर्वीच करून ठेवली आहे. त्यात आपल्याला न आवडणारी वाक्ये येतील. ती गाळावयाची नाहीत, एवढी अट मात्र आपण आधीच मान्य केली पाहिजे.