तसबिरी आणि आरसा

ज्या खोडीची थट्टा करावयाची तिच्याच भांडवलावर ती थट्टा चालवावी काय, हा विनोदाच्या क्षेत्रांतील जुना प्रश्न आहे. दोन मराठी बोलपट शेजारीं ठेवून पाहिले असतां त्याचें उत्तर सांपडतें, असें आम्हांस वाटतें.

पहिला ‘ब्रह्मचारी’. हंस पिक्चर्सचा हा बोलपट १९३८ सालचा; कथा आचार्य अत्रे यांची, दिग्दर्शन व नायकाची भूमिका मास्टर विनायक यांची. व्याख्यान ऐकून औदुंबर ब्रह्मचर्याची शपथ घेतो व जमविलेल्या सिनेमा-तारकांच्या तसबिरी फेकून देतो. काल तो परक्या रूपावर लुब्ध होता. आज स्वतःच्या निग्रहावर लुब्ध झाला. तसबिरी गेल्या, आरसा राहिला! पुरुषी अहंतेचें इतकें नेमकें निदान आमच्या बोलपटांत क्वचितच आढळेल. परंतु आज लोकांच्या स्मरणांत मुख्यतः राहिला आहे तो मीनाक्षी शिरोडकर यांचा पोहण्याचा पोशाख. तारकांच्या तसबिरींना हंसणाऱ्या बोलपटानेंच प्रेक्षकाला एक नवी तसबीर दिली.

असें आकर्षण नसेल तर उपदेश ऐकावयास येणार कोण, असा आक्षेप कोणी घेईल. त्याला उत्तर म्हणून आम्ही ‘माणूस’ पुढें करतों. प्रभातचा, शांताराम यांनीं दिग्दर्शित केलेला हा १९३९ सालचा बोलपट मूळचा गंभीर. पोलीस शिपाई गणपत व वेश्या मैना यांची ही कथा. तथापि तिच्यांत चित्रीकरणाचा एक प्रसंग आहे. बॉम्बे टॉकीजच्या वळणाच्या लाडिक प्रेमगीतांचें त्यांत विडंबन केलें आहे. गणपत झालेले शाहू मोडक आमच्या नगरचे. ‘श्यामसुंदर’ (१९३२) मधील बालकृष्णामुळें ते लहानपणींच प्रसिद्धीस आले होते. असा लोकप्रिय नट येथें साध्या शिपायाच्या वेषांत उभा आहे आणि नटवेपणा समोरच्या जोडप्याकडे आहे. खरीं सुखदुःखें भोगणाऱ्या दोन माणसांशेजारीं तें कृत्रिम प्रेम आपोआप हास्यास्पद ठरतें. त्यासाठीं कोणाच्याही देहाचें प्रदर्शन मांडावें लागत नाहीं.

हा भेद आज अधिक महत्त्वाचा आहे. अहिल्यानगरच्या चौकांत वाढदिवसाचे फलक पाहावे: काळा चष्मा, गळ्यांत सोन्याची साखळी आणि खालीं शुभेच्छुकांची रांग. पूर्वीं तरुण दुसऱ्याची तसबीर भिंतीवर लावी. आतां तो स्वतःचीच भर रस्त्यांत लावतो. औदुंबराचे हे नातू ‘ब्रह्मचारी’ पाहून हंसतील आणि पुन्हां फलकाची मागणी नोंदवितील. ‘माणूस’मधील गणपत व मैना पाहून ते क्षणभर गप्प बसतील, अशी आमची आशा आहे.