थेट प्रक्षेपण : प्रेक्षकांचे वैभव आणि त्याचा जमाखर्च

१९ नोव्हेंबर २०२३ रोजी अहमदाबादेत क्रिकेट विश्वचषकाचा अंतिम सामना चालू असता हॉटस्टारवर एकाच क्षणी ५ कोटी ९० लाख प्रेक्षक हजर असल्याची नोंद झाली. याच संस्थेने २०१९ च्या उपान्त्य सामन्यात २ कोटी ५३ लाखांचा आकडा अभिमानाने मिरविला होता. अहमदाबादच्या सामन्यानंतर वर्षभरातच टेक्सासमध्ये झालेल्या माइक टायसन आणि जेक पॉल यांच्या मुष्टियुद्धाच्या प्रसंगी नेटफ्लिक्सने एकाच वेळच्या साडेसहा कोटी प्रवाहांचा उच्चांक जाहीर केला, आणि त्या रात्री कित्येकांच्या पडद्यावर उगारलेली मूठ उगारलेल्या स्थितीतच थिजून राहिल्यामुळे तक्रारींचाही बहुधा उच्चांकच झाला असावा. असे आकडे वाचले की थेट प्रक्षेपणाची ही कला भर तारुण्यात आली, तिचा संसार भरभराटीस लागला, असे सहजच वाटते. परंतु ज्या प्रेक्षकसंख्येने या व्यवसायाला प्रतिष्ठा दिली तीच त्याच्या तिजोरीवरचा आणि त्याच्या कलेवरचाही मुख्य भार होऊन बसली आहे, असे माझे मत असून, ते का, हे पाहण्यासाठी थोडे मागे जाणे इष्ट होईल.

जून १९९३ मध्ये कॅलिफोर्नियातील झेरॉक्स कंपनीच्या संशोधनशाळेतून ‘सीव्हिअर टायर डॅमेज’ नामक एका हौशी वाद्यवृंदाचे वादन इंटरनेटवरून थेट पाठविण्यात आले. वादक स्वतः संगणकशास्त्रज्ञच होते. पुढच्या वर्षी ‘रोलिंग स्टोन्स’ या जगद्विख्यात मंडळींनी त्याच मार्गाने आपली मैफल प्रक्षेपित करण्याचे ठरविले, तेव्हा या हौशी वादकांनी, आगाऊ सूचना न देता, त्यांच्याआधी आपलेच वादन त्या जाळ्यावर चढवून दिले. नांदीला कोणी बोलाविलेले नसताना नांदी म्हणून जाण्याचा असा विनोद रंगभूमीच्या इतिहासात विरळाच. त्या प्रयोगाचे खरे महत्त्व मात्र त्याच्या रचनेत होते. तेथे मूळ ठिकाणाहून एकच प्रत निघे आणि वाटेतील फाट्याफाट्यांवर आवश्यक तेवढ्याच तिच्या प्रती होत, त्यामुळे ऐकणारे दहा असोत वा दहा हजार, उगमावरचा भार वाढत नसे. व्यापारी इंटरनेट विस्तारले तेव्हा दळणवळण कंपन्यांनी ही पद्धत सार्वजनिक जाळ्यावर स्वीकारली नाही. परिणामी आज प्रत्येक प्रेक्षकास त्याचा स्वतंत्र प्रवाह पुरवावा लागतो. जागोजागी साठवणयंत्रे उभारून तो जवळून पुरविता येतो खरा, पण पुरवावा लागतो तो एकेकालाच.

आकाशवाणीच्या मनोऱ्याला एक श्रोता वाढल्याने दमडीचीही तोशीस पडत नाही, उलट थेट प्रक्षेपणात वाढणारा प्रत्येक प्रेक्षक जमेच्या बाजूला येण्यापूर्वी खर्चाच्या बाजूला लिहिला जातो, हे या धंद्याच्या रोजकीर्दीतील पहिले आणि अटळ कलम आहे. दक्षिण कोरियात ट्विच या संस्थेने हा भार सोसेना म्हणून २०२२ मध्ये प्रथम चित्राची स्पष्टता उतरविली, आणि तरीही जाळ्याचे शुल्क इतर बहुतेक देशांच्या दसपट पडते असे कारण सांगून २७ फेब्रुवारी २०२४ रोजी त्या मुलखातील आपला कारभारच गुंडाळला. ज्या देशाने संगणकीय खेळांना राष्ट्रीय करमणुकीची पदवी मिळवून दिली, तेथून खेळ दाखविणाऱ्या सर्वांत मोठ्या पेढीने काढता पाय घ्यावा, आणि तोही प्रेक्षक नाहीत म्हणून नव्हे, हे चिंतनीय आहे. या व्यवसायातील बहुतेक पेढ्या अशा कुबेरांच्या छत्राखाली नांदतात की ज्यांचा नफा अन्यत्र होतो, याचेही रहस्य हेच. ट्विचला २०१४ मध्ये सुमारे ९७ कोटी डॉलर मोजून ॲमेझॉनने घेतले. मायक्रोसॉफ्टसारख्या धनाढ्य संस्थेने ‘निंजा’ या नावाने विख्यात असलेल्या खेळाडूला मोठा मोबदला देऊन आपल्या मिक्सर या प्रक्षेपणपेढीवर आणले, पण वर्षही पुरते न लोटते तोच, जुलै २०२० मध्ये, मिक्सरला टाळे लागले. आणि वर्गणीतील शंभरांतले पंच्याण्णव कलावंताला देणाऱ्या किक या नव्या पेढीमागे ऑनलाइन जुगाराच्या धंद्यातील मालकांचा पैसा आहे. आपल्याकडे आयपीएलच्या २०२३ ते २०२७ या मुदतीचा डिजिटल मक्ता २३,७५८ कोटी रुपयांना गेला आणि दूरचित्रवाणीच्या मक्त्याहून तो प्रथमच वरचढ ठरला. एवढी रक्कम मोजून पहिल्या वर्षी सामने फुकट दाखविण्यात आले, यावरून हा व्यवहार क्रिकेटचा होता की गिऱ्हाईक बांधून घेण्याचा, हे सुज्ञांनी ठरवावे.

कलावंताच्या पदरी पडणारे उत्पन्न कसे येते, हे पाहिले तर मराठी वाचकाला ते मुळीच अपरिचित वाटणार नाही. संगीतबारीत रसिक नोट पुढे करून लावणीची फर्माईश करतो आणि दौलतजादा करणाऱ्याचा मान बैठकीत सर्वांदेखत राखला जातो. यूट्यूबने २०१७ मध्ये सुरू केलेला ‘सुपर चॅट’ हा त्याचाच यांत्रिक अवतार, कारण तेथेही रकमेच्या प्रमाणात प्रेक्षकाचा संदेश रंगीत पट्टीत ठळकपणे झळकतो आणि जितकी रक्कम मोठी तितका अधिक वेळ तो वर टिकून राहतो. फरक एवढाच की येथे बैठकीचा मालक दिसत नाही, पण त्याची दस्तुरी मात्र चुकत नाही. ट्विचने पाच डॉलरांच्या वर्गणीतून निम्मे स्वतःकडे ठेवण्याचा परिपाठ घातला. चीनमध्ये तर ही कला सरळ बाजारपेठेत जाऊन बसली; व्हिया नामक विख्यात विक्रेतीने आपल्या प्रक्षेपणांतून अग्निबाणाच्या उड्डाणसेवेपर्यंत वस्तू विकल्या, आणि डिसेंबर २०२१ मध्ये करचुकवेगिरीबद्दल हांग्चौच्या महसूल खात्याने तिला सुमारे १३४ कोटी युआन भरावयास लावले. मिळकतीची कल्पना दंडावरून करावी.

आता कलेकडे वळू. २००७ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत जस्टिन कान या तरुणाने टोपीला कॅमेरा लावून आपले चोवीस तासांचे आयुष्य जगाला दाखविण्यास आरंभ केला, आणि त्याच उद्योगातून पुढे, २०११ मध्ये, ट्विच जन्मास आले. त्या आयुष्यात पाहण्याजोगे फारसे काही नव्हते, आणि प्रेक्षक रमले ते पाहण्याहून अधिक परस्परांशी व त्याच्याशी बोलण्यातच. या कलाप्रकाराचे मर्म तेथेच प्रकट झाले. त्याचा परमोत्कर्ष मला फेब्रुवारी २०१४ मधील ‘ट्विच प्लेज पोकेमॉन’ या विलक्षण प्रयोगात दिसतो. एका अनामिक प्रोग्रॅमरने जुना खेळ मांडून ठेवला आणि त्याची सूत्रे प्रेक्षकांच्या हाती दिली. जो कोणी ‘वर’, ‘खाली’, ‘डावीकडे’ असे लिहील त्याची आज्ञा खेळातील पात्र पाळणार, अशी योजना. अकरा लाखांहून अधिक माणसांनी एकाच पात्राला निरनिराळ्या दिशांना ओढले. ते पात्र तासन्‌तास एकाच कड्यापाशी अडखळले, मौल्यवान सवंगडी चुकून सोडून बसले, आणि त्या गोंधळातून प्रेक्षकांनी देव, दैत्य, पंथ आणि पुराणे रचली. सोळा दिवसांनी खेळ पुरा झाला. येथे नट नव्हता, संहिता नव्हती. प्रेक्षक हाच कर्ता, आणि जे घडले ते अन्य कोणत्याही माध्यमात घडणे अशक्य होते. कलेच्या स्वायत्ततेची याहून चांगली कसोटी मला ठाऊक नाही.

त्या कसोटीवर कोट्यवधींचे सोहळे टिकत नाहीत. चित्राचे काही सेकंदांचे तुकडे करून, त्यांतले दोनतीन शिलकीत ठेवून मगच दाखविण्याची रीत असल्याने मोबाईलवर सामना पाहणाऱ्याला षटकार दिसण्यापूर्वीच शेजारच्या दूरचित्रवाणीपुढचा जल्लोष ऐकू येतो. आणि प्रेक्षकांचे संदेश एवढ्या वेगाने वाहतात की ते कोणी वाचीत नाही, लिहिणाराही वाचले जाण्याच्या अपेक्षेने लिहीत नाही. तीनशे माणसांच्या दालनात गायक नावानिशी उत्तर देऊ शकतो, तीन लाखांत ते शक्य नाही. परंतु जाहिरातदार मोजतो ती डोकी. ऑक्टोबर २०२१ मध्ये ट्विचच्या दप्तरातून कलावंतांच्या मिळकतीचे जे हिशेब बाहेर फुटले, त्यांत ‘क्रिटिकल रोल’ ही आवाजी अभिनेत्यांची मंडळी अग्रस्थानी होती. टेबलाभोवती बसून उत्स्फूर्त कथानाट्य रचणाऱ्या या गुणी मंडळींचे प्रयोगही महासाथीपासून आधी चित्रित करून नेमल्या वेळी दाखविले जाऊ लागले. यशाच्या शिखरावर पोहोचताच थेटपणाच सोडून देण्याची सोय होते, ही या कलेची शोकान्तिका म्हणावी लागेल.

रंगभूमी आणि संगीत यांनी हा मार्ग निराळ्या सावधगिरीने चोखाळला. न्यूयॉर्कच्या मेट्रोपोलिटन ऑपेराने २००६ मध्ये आणि लंडनच्या नॅशनल थिएटरने २००९ मध्ये आपले प्रयोग चित्रपटगृहांत थेट दाखविण्यास प्रारंभ केला. मुंबईच्या एनसीपीएत हे प्रयोग येतात, पण ते ध्वनिचित्रमुद्रित रूपात. बर्लिन फिलहार्मोनिकने २००८ मध्ये वर्गणीदारांसाठी स्वतःचे डिजिटल सभागृहच उघडले, आणि तिकीट लावूनही घरबसल्या श्रोता मिळतो हे सिद्ध केले. जून २०२० मध्ये कोरियाच्या बीटीएसने सशुल्क मैफलीस साडेसात लाख प्रेक्षक एकाच वेळी जमविले, ते अपवादात्मक लोकप्रियतेचे उदाहरण म्हणून बाजूस ठेवू. आपल्याकडे त्याच वर्षी हृषीकेश जोशी यांनी ‘मोगरा’ हे नाटक, अभिनेत्री आपापल्या घरी असताना, थेट सादर केले. मुद्रण दाखवून थेटपणाचा आव न आणता चुकण्याचा धोका पत्करणारा तो प्रयोग होता, आणि नाट्यगृहे उघडताच त्या वाटेकडे आमच्या रंगभूमीने पाठ फिरविली, याचे मला वैषम्य वाटते.

परदेशी मराठी मंडळांत, तालुक्याच्या गावी, आजारपणाने घरी खिळलेल्या रसिकांत या कलेला आजही श्रोता आहे. आमच्या नाट्यसंस्थांनी आणि संगीतसभांनी त्याच्याकडून माफक तिकीट घ्यावे, मुद्रित कार्यक्रमाला थेट म्हणू नये, जागा मर्यादित ठेवाव्यात, आणि प्रेक्षकांनी लिहिलेले वाचून कलावंताच्या कानी घालणारा एक जाणता माणूस प्रत्येक प्रयोगास नेमावा, एवढी माझी त्यांना विनंती आहे.