दुर्मिळ इंग्रजी शब्दांच्या याद्या संशोधनात का पुरत नाहीत?

पेट, नेट, सेटच्या तयारीला लागलात की कुणीतरी 'दुर्मिळ इंग्रजी शब्द' नावाची पीडीएफ पाठवतंच. त्यात तीन रकाने: शब्द, मराठी अर्थ, देवनागरीत उच्चार. पाठांतराला सोय होते, हे खरं. पण संशोधनात या याद्या तिन्ही रकान्यांत कमी पडतात.

आधी शब्दांची निवड बघा. 'न्यूमोनोअल्ट्रामायक्रोस्कोपिकसिलिकोव्होल्कॅनोकोनिओसिस' हा 45 अक्षरी शब्द अशा याद्यांचा लाडका. तो 1935 साली अमेरिकेत कोडीप्रेमींच्या संघटनेत लांबलचक शब्द म्हणून मुद्दाम घडवला गेला. सिलिकाच्या धुळीने होणाऱ्या आजाराला संशोधक साधं 'सिलिकोसिस' म्हणतात. म्हणजे पाठ केलेला शब्द शोधनिबंधात भेटतच नाही.

दुसरा रकाना अर्थाचा. समजा तुम्ही कळसचे आहात आणि इंदापूर तालुक्यातल्या माळरानावरच्या चिंकारा-लांडग्यांवर काम करायचं ठरवलंय. वाचताना 'क्रिपस्क्युलर' शब्द येतो. यादीत नुसतं 'अंधुक' लिहिलंय, म्हणून तुम्ही त्याचा अर्थ 'निशाचर' असा लावला, तर निरीक्षणाची वेळच चुकेल आणि पुढची सगळी आकडेवारीही. लॅटिनमध्ये 'क्रेपुस्कुलुम' म्हणजे संधिप्रकाश. त्यामुळे पहाटे आणि तिन्हीसांजेला वावरणारा प्राणी तो क्रिपस्क्युलर, रात्रीचा नॉक्टर्नल, दिवसाचा डायअर्नल. मूळ कळलं की या तिघांत गल्लत होत नाही. मुळावरून रूपही कळतं. 'मंगूस' हा इंग्रजी शब्द आपल्या 'मुंगूस'वरून गेलाय. हंसाच्या 'गूस'शी त्याचं नातं नाही. म्हणून एकाहून जास्त असले की 'मंगूसेस', 'मंगीस' नाही.

तिसरा रकाना उच्चाराचा, आणि खरी अडचण इथेच आहे. 'ॲ' आणि 'ऑ' 2009 मध्ये अधिकृत मराठी वर्णमालेत आले, त्यामुळे 'बेट' आणि 'बॅट' वेगळे लिहिता येतात. पण शब्दात जोर कुठे द्यायचा हे देवनागरी दाखवत नाही. 'क्रिपस्क्युलर'मध्ये जोर 'पस्'वर आहे, तर खूर असलेल्या प्राण्याला म्हणतात त्या 'अंग्युलेट'मध्ये पहिल्याच 'अं'वर. 'फोटोग्राफ'मध्ये जोर 'फो'वर असतो, 'फटॉग्रफी'त तो 'टॉ'वर सरकतो. बोलण्यातला मराठी हेल लपवायची काहीच गरज नाही. पण जोर चुकीच्या जागी पडला तर समोरच्याला शब्दच ओळखू येत नाही, आणि मुलाखतीत चांगला मुद्दा वाया जातो. मग काहीजण तो शब्द उच्चारणंच टाळतात. हे नुकसान त्याहून मोठं.

तेव्हा यादी फेकू नका, तिला दोन रकाने जोडा: शब्दाचं मूळ, आणि तुमच्या विषयाच्या शोधनिबंधातलं एक वाक्य. उच्चार ऑनलाइन शब्दकोशात कानांनी ऐका, जोराच्या अक्षराखाली रेघ मारा आणि ते वाक्य मोठ्याने वाचा. असे रोज पाच शब्द झाले तरी पुष्कळ. मात्र ते तुमच्या विषयातले हवेत.