प्रबोधनकालीन कलाश्रयाचा पुनर्विचार : पोर्तिनारी वेदीचित्राच्या संदर्भात

प्रास्ताविक

युरोपीय प्रबोधनकाळातील कलेविषयी मराठीत लिहिताना, किंवा वर्गात शिकवताना, 'राजाश्रय' आणि 'आश्रयदाता' हे शब्द आपल्या तोंडी सहज येतात. दरबार, गवई, कवी आणि त्यांना बिदागी देणारा संस्थानिक हे चित्र आपल्या परिचयाचे असल्यामुळे फ्लॉरेन्सच्या मेदिची घराण्याकडेही आपण त्याच दृष्टीने पाहतो. लोरेन्झो द मेदिची रसिक होता, त्याने कलावंतांना आश्रय दिला आणि म्हणून कला बहरली, एवढ्यावर आपले विवेचन थांबते. प्रस्तुत लेखकानेही पदवीच्या वर्गात काही वर्षे हेच सांगितले आहे. परंतु 'आश्रय' या शब्दात देणाऱ्याचे औदार्य आणि घेणाऱ्याचे निराधारपण गृहीत धरलेले असते, आणि पंधराव्या शतकातील फ्लॉरेन्सचा व्यवहार पाहू गेल्यास ही दोन्ही गृहीते टिकत नाहीत. दुसरे असे की, कलेची देवाणघेवाण ही या आश्रयाचीच फलश्रुती होती, असे आपण मानतो. ते कितपत खरे आहे, हे एका चित्राच्या आधारे तपासण्याचा प्रयत्न येथे केला आहे. हे चित्र म्हणजे ह्यूगो व्हान डर गूज या फ्लेमिश चित्रकाराचे, आज फ्लॉरेन्सच्या उफीझी संग्रहालयात असलेले 'पोर्तिनारी वेदीचित्र' होय.

पेढी आणि तिचे शाखाप्रमुख

लोरेन्झो राजा नव्हता. त्याच्या घराण्याची सत्ता एका पेढीवर उभी होती, आणि त्या पेढीच्या शाखा रोम, लिओं, लंडन, ब्रुज अशा शहरांत होत्या. शाखेचा प्रमुख हा पूर्णपणे पगारी मुनीमही नसे आणि पूर्ण मालकही नसे. तो त्या शाखेतील भागीदार असे. विशेष म्हणजे, आज ज्यांना आपण प्रबोधनकाळाचे आश्रयदाते म्हणून ओळखतो त्यांपैकी कितीतरी जण याच वर्गातील होते. सांता मारिया नोव्हेल्ला येथील भव्य भित्तिचित्रांचा यजमान जोव्हानी तोर्नाबुओनी हा रोम शाखेचा प्रमुख. सांता त्रिनिता येथील प्रार्थनामंदिराचा यजमान फ्रान्चेस्को सासेत्ती हा संपूर्ण पेढीचा मुख्य व्यवस्थापक. आणि तोमासो पोर्तिनारी हा १४६५ पासून ब्रुज शाखेचा प्रमुख. व्याजाने पैसा लावणे हे चर्चच्या लेखी पाप होते. त्यामुळे वेदीचित्र करवून घेण्यामागे श्रद्धा, प्रतिष्ठा आणि पापक्षालन या तिन्ही प्रेरणा एकत्र नांदत असत. त्यांना एकमेकींपासून वेगळे काढणे बहुधा त्या यजमानांनाही जमले नसते.

पोर्तिनारीच्या बाबतीत आणखी एक प्रेरणा होती. ज्याच्या जागेवर तो आला, त्या आंजेलो तानीने हान्स मेमलिंगकडून 'अंतिम निवाडा' हे मोठे वेदीचित्र करवून घेतले होते. ते जहाजाने निघाले असता एप्रिल १४७३ मध्ये डान्झिगच्या पाउल बेनेके याने जहाज पकडले, आणि फ्लॉरेन्ससाठी काढलेले ते चित्र बाल्टिक किनाऱ्यावरील डान्झिगच्या, म्हणजे आजच्या ग्दान्स्कच्या, चर्चमध्ये जाऊन लागले. त्या मालाच्या भरपाईसाठी पोर्तिनारीने पुढे बराच काळ दाद मागितली. चित्र मात्र आजही ग्दान्स्कमध्येच आहे. सांस्कृतिक आदानप्रदानाचा इतिहास लिहिताना या लुटीची नोंद आपण कोणत्या रकान्यात करणार, हा प्रश्न वाटतो तितका थट्टेचा नाही. ग्दान्स्कच्या चित्रकारांना मेमलिंगचे एक श्रेष्ठ चित्र पाहायला मिळाले ते कोणाच्याही आश्रयाने नव्हे.

पोर्तिनारीने आपल्या वेदीचित्रासाठी मेमलिंगकडे न जाता घेंटच्या ह्यूगोकडे जावे, यात चुरस होती असे मानण्यास जागा आहे. स्वतःची व पत्नीची व्यक्तिचित्रे त्याने मेमलिंगकडूनच काढून घेतली होती. नवे चित्र मात्र मोठे हवे होते. उघडल्यावर त्याच्या तीन फळ्यांची एकूण रुंदी सुमारे ५.८ मीटर आणि उंची सुमारे २.५ मीटर भरते. ते ज्या सांता मारिया नुओव्हा रुग्णालयाच्या चर्चसाठी होते, ते रुग्णालय १२८८ मध्ये तोमासोच्याच पूर्वजाने, फोल्को पोर्तिनारीने, स्थापन केले होते. (हा फोल्को दान्तेच्या बिआत्रिचेचा पिता.) परदेशात राहून गावच्या देवळाला घंटा वाहणाऱ्या माणसाची ही वृत्ती आपल्याला समजण्याजोगी आहे.

बाजूच्या फळ्यांवर तोमासो, त्याची पत्नी मारिया आणि मुले गुडघे टेकून बसली आहेत. मागे त्यांचे पालक संत उभे आहेत. १४७४ मध्ये जन्मलेल्या धाकट्या पिजेल्लोसाठी मात्र संत नाही. त्याच्या जन्माआधीच चित्राची मांडणी ठरली असावी, असे अनुमान अभ्यासकांनी यावरून केले आहे. कुटुंबाची नोंद ठेवणारे हे चित्र तयार होत असतानाच कुटुंबाचा आधार ढासळत होता. पोर्तिनारीने बर्गंडीच्या चार्ल्स द बोल्ड या ड्यूकला अवाजवी कर्जे दिली होती. जानेवारी १४७७ मध्ये चार्ल्स नान्सीच्या लढाईत मारला गेला, कर्जे अडकली, आणि १४८० च्या सुमारास लोरेन्झोने ब्रुजच्या भागीदारीतून अंग काढून घेतले. म्हणजे, ज्याला आपण 'मेदिचींचा कलाश्रय' म्हणतो त्याची एक बाजू मेदिचींच्या बुडीत खात्यात जमा आहे.

मेंढपाळांचा प्रवास

२८ मे १४८३ रोजी चित्र फ्लॉरेन्सला पोहोचले. सागरी मार्गाने सिसिलीमार्गे पिसा, तेथून आर्नो नदीने शहरापर्यंत, आणि शहराच्या वेशीपासून चर्चपर्यंत १६ हमालांच्या खांद्यावरून, असा त्याचा प्रवास झाला. तोपर्यंत चित्रकार हयात नव्हता. कीर्तीच्या ऐन भरात ह्यूगो ब्रुसेल्सजवळच्या 'लाल मठा'त सामान्य बंधू म्हणून दाखल झाला होता. तेथे त्याला मनोविकाराने ग्रासले, आपण शापित आहोत या विचाराने तो हैराण असे, असे त्याच्या एका सहमठवासीयाने लिहून ठेवले आहे. १४८२ मध्ये तो वारला. फ्लॉरेन्सच्या ज्या चित्रकारांवर त्याचा परिणाम झाला, त्यांची व त्याची भेट या चित्रानिमित्त कधीच झाली नाही.

चित्राच्या मधल्या फळीवर बालयेशू उघड्या जमिनीवर पडलेला आहे. त्याच्याभोवती मोठी रिकामी जागा आहे. मेरी, योसेफ, देवदूत, सारे त्या रिकामेपणाच्या कडेला थांबलेले. पुढ्यात गव्हाची पेंढी आणि दोन फुलपात्रे. त्यांपैकी लिली व आयरिसची फुले धारण करणारी बरणी स्पॅनिश, चकाकत्या झिलईची. हे तंत्र इस्लामी कारागिरांकडून स्पेनमध्ये आले. अशा बरण्या औषधे ठेवण्यासाठी वापरत, त्यामुळे रुग्णालयाच्या वेदीवर ती शोभते. फ्लेमिश चित्रकार, इटालियन सावकार आणि अरब परंपरेची बरणी! आणि उजवीकडून तीन मेंढपाळ घाईने आत आले आहेत. हात राठ, चेहरे रापलेले. एकाचे तोंड उघडे, दातांत फटी. धावत आल्यामुळे लागलेली धापसुद्धा दिसावी, असे ते रंगवले आहेत.

दोनच वर्षांनी, १४८५ मध्ये, दोमेनिको गिर्लांदायोने सासेत्तीच्या प्रार्थनामंदिरासाठी 'मेंढपाळांचे वंदन' हे चित्र पूर्ण केले. त्यात ह्यूगोचे मेंढपाळ आले आहेत. तीन जणांचा तो गट, ते ग्रामीण चेहरे, ते हात उघडउघड तिथले आहेत. पण बाळ आता मेरीच्या वस्त्रावर निजले आहे, आणि गव्हाणीच्या जागी रोमन दगडी शवपेटी आहे. पॉम्पीच्या तलवारीने मेलेल्या एका शकुनवेत्त्याने, आपल्या या शवपेटीतून देव प्रकटेल असे भाकीत केले, अशा अर्थाचा लॅटिन लेख तिच्यावर कोरलेला दाखवला आहे. मागे विजयकमान, तिच्याखालून येणारा राजांचा लवाजमा. हे सारे पंडिती आहे, सुरेख आहे. तथापि, येथे आल्यावर मेंढपाळांची धाप बसलेली आहे. ते जणू सासेत्तीच्या दिवाणखान्यात निमंत्रणावरून आले आहेत आणि कोठे उभे राहावे हे त्यांना सांगून ठेवलेले आहे. प्रस्तुत लेखकाच्या मते गिर्लांदायोचे चित्र अधिक सुघटित आहे, परंतु ह्यूगोचे अधिक थोर आहे. कारण मेंढपाळ हे त्या प्रसंगात उपरे आहेत आणि तरीही पहिले साक्षीदार आहेत, ही मूळ कथेतील अस्वस्थता फक्त त्याच्या चित्रात शिल्लक आहे.

घेणारा काय घेतो आणि काय सोडतो, हेही लक्षणीय आहे. ह्यूगोची तैलरंगातील खोली गिर्लांदायोने घेतली नाही. तो मुख्यत्वे टेंपेराचाच चित्रकार राहिला. ती रिकामी जमीनही त्याने घेतली नाही. आकृती घेतल्या आणि त्यांच्यातील भय वगळले. 'प्रभाव' हा शब्द अशा वेळी दिशाभूल करतो, कारण तो कर्तेपण देणाऱ्याकडे सोपवतो. येथे निवड करणारा गिर्लांदायो होता.

कराराने काय उलगडते?

'आश्रय' या कल्पनेविरुद्ध सर्वांत प्रभावी मांडणी मायकेल बॅक्सँडल यांनी १९७२ च्या आपल्या पुस्तकात करारनाम्यांच्या आधारे केली. त्यांचे गाजलेले उदाहरण गिर्लांदायोचेच आहे. १४८५ मध्ये फ्लॉरेन्सच्या अनाथालयाच्या प्रमुखाशी झालेल्या करारात मोबदला ११५ फ्लोरिन, आणि निळा रंग औंसाला सुमारे ४ फ्लोरिन किमतीच्या प्रतीचा असावा, असे बजावलेले आहे. हा निळा बदख्शानच्या लाजवर्दी दगडाचा. म्हणजे यजमान हा गिऱ्हाईक होता, चित्रकार हा आपल्या कामाचा भाव जाणणारा व्यावसायिक होता, आणि रंगाच्या एका थेंबामागे मध्य आशियापर्यंतचा व्यापार होता. ही मांडणी आपल्या अभ्यासक्रमात अद्याप पुरेशी उतरलेली नाही, ही खेदाची बाब आहे.

मात्र तीही अंतिम मानता येत नाही. करार निळ्या रंगाची प्रत ठरवतो. मेंढपाळाचे उघडे तोंड तो ठरवत नाही. पोर्तिनारीला आपले कुटुंब, आपले संत, आपली ऐपत दिसायला हवी होती. आपल्या मागणीतून फ्लॉरेन्सच्या चित्रकलेत एक फ्लेमिश खेडूत शिरेल, हे त्याच्या हिशेबात असण्याचे कारण नव्हते. यजमानाने चित्र एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी नेले. आदानप्रदान घडले ते मृत चित्रकाराचे काम जिवंत चित्रकाराने वेदीसमोर उभे राहून पाहिल्यामुळे. या दोन गोष्टींत कार्यकारणसंबंध आहे, पण त्या एक नव्हेत. आबी वारबुर्ग यांनी विसाव्या शतकाच्या प्रारंभी फ्लेमिश कला व फ्लॉरेन्स यांच्या नात्यावर आणि १९०७ मध्ये सासेत्तीवर लिहिले, तेव्हा हा फरक त्यांच्या ध्यानात होता. हॅम्बुर्गच्या सावकार घराण्यातील या ज्येष्ठ पुत्राने पेढीवरचा हक्क ग्रंथांच्या मोबदल्यात धाकट्या भावाला दिला, अशी कथा प्रसिद्ध आहे. सासेत्तीचे मन त्यांना इतके नेमके उमगले याचे नवल वाटत नाही.

शिवाय, प्रबोधन इटलीत जन्मले आणि तेथून उत्तरेकडे पसरले, ही जी एकदिश मांडणी याकोब बुर्कहार्ट यांच्या १८६० च्या ग्रंथापासून रूढ झाली, तिलाही हे वेदीचित्र छेद देते. येथे प्रवाह उत्तरेकडून दक्षिणेकडे वाहतो, तोही इटालियन पैशानेच.

१४९४ मध्ये मेदिची फ्लॉरेन्समधून हद्दपार झाले आणि पेढीही संपली. तोमासो पोर्तिनारी १५०१ मध्ये निर्धन अवस्थेत वारला, तोही पूर्वजाने स्थापलेल्या त्याच रुग्णालयात. सोळाव्या शतकात व्हासारीने फ्लेमिश चित्रकारांची नावे देताना सांता मारिया नुओव्हाचे चित्र काढणारा 'अँटवर्पचा ह्यूगो' अशी एक त्रोटक नोंद केली. शहराचे नाव चुकले आहे, आणि पोर्तिनारीचा तेथे उल्लेख नाही. पुढे चित्रकाराची ओळख पटली ती याच नोंदीवरून.